नावाचा बोल

ज्ञानेश्वरच्या झडत्या पुष्पांजली रचते, हे गावात दोघांनाच ठाऊक होतं. बैलांना धरलं तर चौघांना.

सोनाळ्याच्या अलीकडं, सातपुडा हाताशी आल्यासारखा दिसतो तिथं हे गाव आहे. पोळ्याला मारुतीच्या पारासमोर आंब्याच्या पानांचं तोरण बांधतात. त्याखालून जोडी नेण्याआधी बैल धरणाऱ्यानं झडती म्हणायची असते. चार-सहा ओळींचं जुळवलेलं कवन, त्यात गावातल्या कोणाचं तरी नाव घालून काढलेला चिमटा, आणि शेवटी महादेवाचा गजर. एवढं वऱ्हाडात सगळीकडंच चालतं. या गावात मात्र त्याला एक नियम जोडलेला आहे. झडतीत ज्याचं नाव येईल, पहिला गजर त्यानंच द्यायचा. चिमटा कितीही बसो, हसून द्यायचा. याला नावाचा बोल म्हणतात. नावाच्या माणसानं बोल दिला की गावाला मागोमाग द्यावाच लागतो, कारण महादेवाचं नाव एकट्याच्या तोंडावर लोंबकळत ठेवायचं नसतं. आणि त्यानं तोंड मिटून घेतलं तर झडती पडली. मग ती जोडी तोरणाखालून जात नाही, बाजूच्या बोळातून वळवून न्यावी लागते.

पुष्पांजलीचे वडील उत्तमराव तीन वर्षांपूर्वी विहिरीच्या काठावरून घसरले आणि कमरेतून गेले. तेव्हापासून कपाशीत न् सोयाबीनमध्ये बैलांमागं डवरं, म्हणजे तण काढायचं कोळपं, धरायचं काम तिच्याकडं आलं. तेव्हा ती बारावीला होती; आता सोनाळ्याच्या कॉलेजात शिकायचं ते शिकून झालं होतं. डवऱ्यामागं चालताना तोंडात आपोआप काहीतरी घोळायचं. जोडीतला बांड्या जरा पुढं ओढायचा, लाख्या मागं रेंगाळायचा, त्यामुळं चालीला एक हेलकावा असायचा आणि शब्द त्या हेलकाव्यावर बसायचे. पिकाच्या तासाच्या टोकाला जाईपर्यंत दोन ओळी, परत येईपर्यंत आणखी दोन.

पोळ्याच्या दिवशी मात्र जोडीचा कासरा चुलतभावाच्या, ज्ञानेश्वरच्या हातात जायचा. त्याच्या घरी ट्रॅक्टर होता, बैल नव्हते. बाईमाणसानं तोरणाखाली उभं राहायची रीत नव्हती. पहिल्या वर्षी त्याला काहीच सुचेना म्हणून तिनं गोठ्यात त्याला चार ओळी म्हणून दाखवल्या. त्या गावाला आवडल्या. मागच्या पोळ्याला तर घुबडाच्या झडतीनं गाव लोटपोट झालं होतं.

टाकी रे टाकी, पान्याची टाकी,
नारळ फुटला, पानीच बाकी.
सरपंच चढले वर, डोकावले आत,
घुबड म्हने, या भाऊ, इथं सदा रात!

सरपंचांनी पोट धरून बोल दिला होता. झडत्यांमधले गावातले जुने वस्ताद सहदेवकाका मात्र तेव्हा बोलून गेले होते, "ज्ञान्या, तुह्या झडतीत सारं पान्याचं, घागरीचं, धुन्याच्या दगडावरचं राह्यते. बायाइत बसतं काय बे तू?" सगळे हसले होते. ज्ञानेश्वरही हसला होता, पण त्याचे कान लाल झाले होते.

यंदा पोळ्याला आठवडा असताना पुष्पांजलीला पाहायला बीबी गावाहून पाहुणे आले. घाटावरची माणसं, बोलायला मोकळी. मुलगा, त्याचे आईवडील आणि एक मामा. घरात पुरुषमाणूस बोलायला हवा म्हणून ज्ञानेश्वरलाही बसवलं होतं. तो पाहुण्यांना ओळखीचा निघाला. घुबडाची झडती मोबाइलवर बीबीपर्यंत पोचली होती.

"ते तूच का?" मामा खुश झाले. "म्हण की एकदा!"

पुष्पांजली पोह्यांचा ट्रे घेऊन दारात आली तेव्हा ज्ञानेश्वर घुबडापर्यंत पोचला होता. पाहुणे मांड्यांवर थापा मारत होते. तिनं एकेकाच्या हातात बशी दिली. मामांनी डोळे पुसले आणि म्हणाले, "वा रे पठ्ठ्या! असं डोकं लाखात एखाद्याला." मग बशीतल्या पोह्यांचा घास उचलता उचलता त्यांना ती दिसली. "अन् तुला काय येतं, बाई?"

"सैपाक सारा येते," तिची आई मंजुळाबाई दारामागून म्हणाली. "शिवणकाम येते. वळणाची हाये."

"मले बैल हाकता येतेत," पुष्पांजली म्हणाली.

मग मुलाचे वडील हसून म्हणाले, "आमच्याकडं ट्रॅक्टर आहे, पोरी. बैलाची कटकटच नाही." मुलगा मान खाली घालून पोहे खात होता. त्याला कोणी काही विचारलं नाही.

पाहुणे कळवतो म्हणून गेले. तिला त्यांचं काही वाटलं नाही. तिला राहून राहून एकच गोष्ट टोचत होती. काय येतं, असं कोणीतरी तोंडावर विचारलं होतं; उत्तर तिच्यासमोर, तिच्याच शब्दांत, दुसऱ्याच्या तोंडून घरभर वाजत होतं; आणि तिनं बैलांचं नाव सांगितलं होतं.

दिवेलागणीला ज्ञानेश्वर गोठ्यात आला. ती बैलांपुढं कडबा टाकत होती.

"अंजू, यंदाची झाली का? लवकर दे वं. पाठ व्हायले येळ लागते मले. पोरायनं चौकात फ्लेक्स लावला, पाह्यला का? झडतीसम्राट म्हनून."

"पाह्यला."

"मंग? होऊन जाऊ दे जोरदार."

"जोरदारच हाये," ती म्हणाली. "पन या साली मी म्हनीन."

तो हसला. तिनं हातातला कडबा खाली ठेवला तेव्हा त्याचं हसू थांबलं.

"कुठं म्हनशीन?"

"तोरनाखाली. आपल्या बैलांपुढं. अजून कुठं म्हनतेत?"

"पोरी म्हनतेत का कधी?"

"पोरीच म्हनून राह्यल्या तीन सालापासून. तोंड तेवढं तुहं होतं."

ज्ञानेश्वर लाख्याच्या पाठीवर हात ठेवून उभा राहिला. तो वाईट मुलगा नव्हता. तिला कॉलेजच्या बसवर सोडायला रोज सकाळी गाडी काढायचा. पण त्या फ्लेक्सवर त्याचा फेटा बांधलेला फोटो होता.

"मंग माहं काय?" तो म्हणाला. "मले इचारलं तं?"

"जे येते ते म्हन ना, दादा. तुले मना केलं का कोनी?"

तो गेला तो थेट उत्तमरावांच्या खाटेपाशी. जेवायच्या वेळी उत्तमरावांनी पुष्पांजलीला जवळ बसवलं. कमरेला पट्टा बांधून ते टेकून बसले होते.

"ते घुबड तुहं होय?"

"हो, बाबा."

"मले वाटलंच होतं." ते थोडे हसले. "ज्ञान्या कधी टाकीवर चढला नाही. तू चढली होती. मार खाल्ला होता माह्या हातचा."

"त्यातूनच सुचलं."

मंजुळाबाई भाकरी थापता थापता थांबली. "हसता काय? बीबीवाल्यायनं ऐकलं, पोरगी चारचौघात बैलामोरं ओरडली म्हनून, तं?"

"ऐकलं तं बरंच झालं, माय," पुष्पांजली म्हणाली. "मांगून कळन्यापेक्षा आंधी कळलं."

आईनं तव्यावर भाकरी जरा जोरात टाकली.

उत्तमराव मात्र गंभीर झाले. "मी मना करत नाही. पन एक गोष्ट ध्यानात घे. नाव कोनाचं घेशीन? ज्याचं घेशीन तो तोंड मिटून बसन. माह्या ध्यानात हाये हे गाव. मंग जोडी बोळातून वयवा लागन. तुहं काही जात नाही. पन हे जनावरं वर्षभर आपल्यासाठी राबलेत, एका दिवसाचा त्यायचा मान. तो तुह्या हट्टापायी गेला तं मले सोसन नाही."

"मलेही सोसन नाही, बाबा."

"मंग इचार कर. कासरा तुह्या हातात राहीन."

तिनं विचार केलाच होता. तिची झडती तयार होती आणि त्यात ज्ञानेश्वरचं नाव होतं.

राघू रे राघू, फ्लेक्सवरचा राघू,
उसन्या चोचीनं लागला सांगू...

पुढच्या दोन ओळी तर याहून झोंबऱ्या होत्या. ज्ञानेश्वर बोल देणार, याची तिला खात्री होती. एकतर तो भाऊ होता आणि दुसरं म्हणजे तोंडावर खोटं बोलणं त्याला जमायचं नाही. कोणी रोखून पाहिलं की त्याचे कान लाल व्हायचे. त्याच्या तोंडूनच गावाला सगळं कळलं असतं. खांदमळणीच्या दिवशी बैलांच्या खांद्यांना हळद-लोणी चोळताना ती हीच झडती पुटपुटत होती. चाल पक्की बसली होती. तरी का कोण जाणे, तिला तिची मजा येत नव्हती.

पोळ्याच्या दिवशी तिनं बैल नदीवर धुतले, शिंगं रंगवली, झुली चढवल्या. मंजुळाबाईनं न सांगता लाख्याच्या कपाळाला बाशिंग बांधलं आणि पुष्पांजलीच्या ओढणीची गाठ कमरेशी घट्ट करून दिली. "बैल बुजला तं दोर सोडू नको," एवढंच म्हणाली.

दुपार कलताना ती जोडी घेऊन पारापाशी आली तेव्हा गलका एकदम उतरला. पंधरा-वीस जोड्या ओळीनं उभ्या होत्या. बाया नेहमीप्रमाणं लांब, शाळेच्या ओट्यावर. त्यांत सईद नालबंदांची फिजा होती, पुष्पांजलीबरोबर कॉलेजात असलेली. तिनं मोबाइल आधीच वर धरला होता. उत्तमरावांना दोघांनी धरून आणून खुर्चीवर बसवलं होतं.

"उत्तमराव, गडी गेला का सोडून?" कोणीतरी ओरडलं.

"गडीच हाये तो," उत्तमराव म्हणाले. "नीट पाह्य."

ज्ञानेश्वर उत्तमरावांच्या जोडीविना असाच गर्दीत उभा होता, फेटा बांधून. त्याला पोरांनी पुढं ढकललं. मित्राच्या जोडीपुढं उभं राहून त्यानं एक जुनीच झडती म्हटली, तीही मधेच अडखळली. ज्याचं नाव होतं त्यानं बोल दिला, गावानंही दिला, पण हसलं कोणी नाही. परत फिरताना त्याची नि पुष्पांजलीची नजर भेटली. त्यानं हात जोडल्यासारखं काहीतरी केलं आणि फेटा सारखा करू लागला.

मग सहदेवकाका पुढं आले. सत्तरीचे, आवाज खणखणीत. आपली जोडी त्यांनी मुलाच्या हाती दिली आणि पुष्पांजलीकडं तोंड करून उभे राहिले.

फेटा रे फेटा, गुलाबी फेटा,
उत्तमरावाच्या घरी पोरगीच बेटा.
पोरीनं धरला कासरा, बाप राह्यला बसून,
बैल म्हनतेत एकमेकाले, घ्या बांगड्या भरून!

मैदान हसलं. सगळ्यांच्या माना उत्तमरावांकडं वळल्या. ते खुर्चीचा हात धरून अर्धवट उठले, कमरेत कळ आली ती गिळली आणि हसत ओरडले, "हर हर महादेव!"

"महादेव!" गाव गरजलं. सहदेवकाकांची जोडी तोरणाखालून गेली.

"बाप मोठ्या मनाचा हाये तुहा," काका पुष्पांजलीला म्हणाले. "आता तुही पाळी. घे कोनाचंही नाव. पन आंधीच सांगतो, राग मानू नको. आमचं सगयाचं ठरलं हाये. ज्याचं नाव घेशीन तो आज मुका."

"ठरलं कधी, काका?"

"सकायी. पारावर."

"मले बोलावलं नाही ते."

चार माणसं हसली, पण लगेच गप्प झाली. तिनं समोर पाहिलं. सगळे खरंच ओठ मिटून उभे होते. सरपंचांनी तर हाताची घडी घातली होती. त्यात एकच चेहरा वेगळा होता. ज्ञानेश्वर तिच्याकडं बघत होता आणि त्याचे कान आत्ताच लाल झाले होते. तो मुका राहणार नव्हता, हे तिला दिसलं. नाव घेतलं असतं तर त्यानं बोल दिला असता आणि मग मान खाली घालून फेटा काढला असता.

राघू तिच्या जिभेवर आला. म्हणायला उशीर नव्हता.

पण मग गाव काय बोललं असतं? पोळा महिनाभर पुरतो. महिनाभर पारावर, नळावर, धुण्याच्या दगडावर एकच विषय राहिला असता, ज्ञान्याची कशी जिरली. तीन वर्षं तिच्या झडत्या ज्ञानेश्वरच्या होत्या. तिनं पहिल्यांदा तोंड उघडलं ती झडतीही पुन्हा ज्ञानेश्वरचीच झाली असती. खांदमळणीच्या दिवशी जी मजा येत नव्हती तिचं कारण तिला आत्ता कळलं.

बांड्यानं मान हलवली. गळ्यातली घुंगरमाळ वाजली. तिनं कासऱ्याला नेहमीचा हलकासा झोल दिला, डवऱ्यामागं देते तसा, आणि बैल डावीकडून उजवीकडं जरा हेलकावले. राघू तिनं गिळून टाकला. दुसरं काहीतरी, कितीतरी दिवस नुसतं घोळत राहिलेलं, त्या हेलकाव्यावर येऊन बसलं. तिचा आवाज पहिल्या शब्दाला थोडा चिरकला, नंतर नाही.

दांडी रे दांडी, डवऱ्याची दांडी,
पुष्पांजली उत्तमराव चुलीवरची हांडी.
तीन सालं शिजली, वाढली दुसऱ्याच्या ताटी,
भूक लागली तवा चाटे रिकामी वाटी!

कुठंतरी कोणीतरी खुदकन हसलं. बायांच्या ओट्यावर कुजबुज झाली. सहदेवकाकांनी कपाळाला आठी घातली, मान जरा तिरपी केली. नाव आलं होतं. कोणाचं आलं होतं, ते त्यांच्या लक्षात येत होतं.

भेकड होती, मुकी होती, लाजत होती फार,
डवऱ्यामागं एकटीच करे शब्दांचा बाजार.
या साली हांडीनं झाकन देलं फेकून,
तोरनाखाली आली पाहा सोता वाफ टाकून!

ती थांबली. नियम सगळ्यांना पाठ होता. ज्याचं नाव, त्याचा पहिला बोल. आजवर स्वतःचं नाव झडतीत कोणी घातलं नव्हतं, घालू नये असंही कोणी म्हटलं नव्हतं. स्वतःला चिमटा काढायचं गावात कोणाला सुचलंच नव्हतं.

पुष्पांजलीनं कासरा उजव्या हातातून डाव्या हातात घेतला. उजवा हात वर केला.

"हर हर महादेव!"

एवढा मोठा आवाज तिनं शेतातही कधी काढला नव्हता. तो पारावरून शाळेच्या भिंतीवर गेला आणि परत आला. पंधरा-वीस जोड्यांच्या घुंगरांखेरीज काही वाजत नव्हतं. उत्तमराव खुर्चीत पुढं झुकले होते, पण त्यांनी तोंड उघडलं नाही. मागोमागचा पहिला बोल बापानंच दिला असता तर त्याला किंमत नव्हती, आणि हे त्यांना कळत होतं.

"महादेव!"

ज्ञानेश्वर ओरडला होता. फेटा एका बाजूला झुकला होता. आजूबाजूच्या पोरांनी त्याच्याकडं पाहिलं. "पाहता काय बे?" तो त्यांच्यावर खेकसला. "ताट माहंच होतं! द्या बोल!"

सहदेवकाकांनी कपाळावर हात मारून घेतला. नियमांवर गावात सगळ्यात जास्त भांडलेला माणूस तो. नावाच्या माणसानं बोल दिला होता. आता तो हवेत सोडता येत नव्हता, मुकं राहायचं कितीही ठरलेलं असलं तरी.

"धरलं ना बे पोरीनं!" ते म्हणाले आणि मोठ्यानं हसले. "आपल्याच दोरात धरलं! हर हर महादेव!"

मग सगळं मैदान गरजलं. शाळेच्या ओट्यावरूनही गजर आला, पातळ, उंच आणि थोडा उशिरा, कारण त्या बाजूला कोणाला सवय नव्हती. पुष्पांजलीनं जीभ टाळूला लावून टक् केलं. बांड्या पुढं झाला, लाख्या जरा रेंगाळून निघाला. आंब्याची पानं तिच्या डोक्यावरून गेली.

तोरण सुटल्यावर जोड्या घरोघर निघतात. दारात बाया बैलांचे पाय धुतात, पुरणपोळी चारतात. ज्ञानेश्वर तिच्याबरोबर चालत होता. मग म्हणाला, "राघूवालं माह्यावर होतं ना? गोठ्यात ऐकलं होतं मी."

"होतं."

"मंग काऊन नाही म्हनलं?"

"ते तुहं झालं असतं, दादा. मले माहं पायजे होतं."

तो थोडा चालला. "पुढच्या सालाले मी काय म्हनू मंग?"

"डवऱ्यामागं ये आठ-पंधरा दिवस. सुचते आपोआप. नाही सुचलं तं निंदन तरी होऊन जाईन."

"टोमने मारू नको."

"टोमना नाही. बांड्याच्या बाजूनं चालजो. लाख्या लाथ मारते."

सहदेवकाकांच्या दारात त्यांची सून छाया ताट घेऊन उभी होती. तिनं बैलांना ओवाळलं आणि बिचकत बिचकत पुष्पांजलीच्या कपाळालाही कुंकू लावलं. काका ओट्यावर बसून बघत होते.

"पोरी," ते म्हणाले, "माह्या झडतीचा जबाब राह्यला. बांगड्यायचा. तो देल्लाच नाही तू."

"पुढच्या साली देईन, काका. तुमचं नाव घेऊन. बोल तयार ठेवा."

"आन् मुका झालो तं?"

"तुम्ही? दोन मिनिटं तरी राहून दाखवा."

छाया ताटाआड तोंड करून हसली. बैल पुढं निघाले तशी ती दोन पावलं मागं आली आणि हळूच म्हणाली, "ताई, सासऱ्यावर झडती करायची तं मले इचारजो. लय हाये माह्यापाशी."

घरी आल्यावर पुष्पांजली झुली उतरवत होती तेव्हा मंजुळाबाई बाहेर आली. पदरानं हात पुसत होती, पण हात कोरडेच होते.

"बीबीहून फोन आल्ता. त्या फिजानं पाठवलेला व्हिडिओ तिथंलोग गेला."

"काय म्हने?"

"मामा होते. इचारत होते, घुबडवालंही पोरीचंच काय म्हनून. म्या म्हटलं, तिलेच इचारून सांगतो." आई तिच्याकडं बघत राहिली. "ते अजून एकडाव येतो म्हनतेत. पोरगं म्हनून राह्यलं, या खेपी मले बोलायचं हाये."

पुष्पांजलीनं लाख्याचं बाशिंग सोडलं. दिवसभर घट्ट बसलेल्या गाठीखाली त्याच्या कपाळावरचे केस दबले होते. ते तिनं बोटांनी मोकळे केले.

"सांग, घुबड माहंच हाये," ती म्हणाली. "आन् येतीन तं येऊ दे. पोह्याच्या बशीवरून मी बी इचारीन म्हना, पोराले काय येते."

"अशी बोलशीन तू?" आई म्हणाली.

"बोलली ना आज."

मंजुळाबाईनं पदर खोचला. मग आत गेली आणि फोनवर तिचा आवाज आला, नेहमीपेक्षा जरा मोठा. "हो हो, तिचंच हाये. सारंच तिचं हाये. अजून बी हायेत. तुम्ही या तं खरं."